कर्ज फिटलं तरी घराचे कागद बँकेतच? ते सोडवायचे कसे

माझं दुकान मालवण तालुक्यात, कचेरीच्या रस्त्याला. झेरॉक्स, टायपिंग, ऑनलाइन फॉर्म असलं सगळं. अशा जागी बसलं की न विचारता लोकांची कर्जं कळतात. नोटीस झेरॉक्सला येते आणि मशीन गरम होईपर्यंत माणूस बोलायला लागतो. त्यात एक तक्रार सारखी येते, कर्ज फेडलं हो, पण घराचे कागद देत नाहीत. कुणाचं दंडाच्या रकमेवरून अडलंय, कुणाची फाइल मुंबईला गेली ती परत येतच नाही, कुणाचे वडील वारले आणि भाऊ चार ठिकाणी. प्रत्येकाला तेच तेच सांगतो, म्हणून आता एकदाच लिहून काढतो. मी वकील नाही. प्रकरण मोठं असेल, लिलावापर्यंत गेलं असेल, तर वकील गाठाच. पण बरीचशी प्रकरणं नीट लिहिलेल्या दोन अर्जांवर सुटतात.

आधी एक गोष्ट डोक्यात पक्की बसवा. घराचे कागद हा एक विषय आणि बँकेशी पैशाचं भांडण हा दुसरा विषय. लोक दोन्ही एकात मिसळतात आणि तिथेच फसतात. आमच्या इथे तारकर्लीच्या एक काकी आहेत, घरावर कर्ज काढून मागच्या अंगाला टुरिस्टसाठी दोन खोल्या बांधल्या. हप्ते सगळे फिटले, मग कंपनीने शेवटच्या हिशोबात चेक बाउन्सचे, कसल्याशा लीगल चार्जेसचे आणि इन्शुरन्सचे मिळून अकरा हजारांवर काहीतरी लावले. काकींचं एकच, 'एक पैसो देवचंय नाय'. बरोबरच होतं त्यांचं, हिशोब चुकीचा होता. पण त्या अकरा हजारांवरून लाखोंच्या घराचं खरेदीखत तिकडे पडून राहिलं, मुलाला दुसऱ्या बँकेतून लोन घ्यायचं होतं ते अडलं, आणि वर त्या रकमेवर रोज व्याज चढतच होतं. शेवटी पैसे 'हरकत राखून', म्हणजे रक्कम मान्य नाही असं लेखी देऊन भरले, कागद ताब्यात घेतले आणि मग तक्रार केली. त्यातले बरेचसे पैसे परत मिळाले. तर रक्कम झेपण्यासारखी असेल तर हाच क्रम ठेवा, आधी कागद, मग भांडण. रक्कम मोठी असेल, म्हणजे लाखांतला फरक असेल, तर गोष्ट वेगळी, ते खाली सांगतो.

नक्की काय गहाण आहे ते बघा

हे ऐकायला सोपं वाटतं पण निम्मा घोळ इथेच असतो. आपल्याकडे साधारण तीन प्रकार चालतात.

पहिला, घराचं किंवा फ्लॅटचं मूळ खरेदीखत बँकेत जमा करून घेतलेलं कर्ज. होम लोन बहुतेक असंच. यात वेगळं गहाणखत झालेलं नसतं, कागद ठेवले हेच गहाण. मात्र महाराष्ट्रात त्याची नोटीस ऑफ इंटिमेशन दुय्यम निबंधकाकडे द्यावी लागते, त्यामुळे नोंदणी विभागाच्या वेबसाइटवर ई-सर्च केला की तुमच्या घरावर ती दिसते. शिवाय सरसाईवर नोंद असते, म्हणजे गहाण मालमत्तेची देशभराची जी सेंट्रल रजिस्ट्री आहे तिथे.

दुसरा, रजिस्टर केलेलं गहाणखत. सहकारी बँका आणि पतसंस्था हे जास्त करतात. यात कर्ज फिटलं की नुसते कागद परत घेऊन भागत नाही, गहाण सोडल्याचा दस्त परत रजिस्टर करून घ्यायचा असतो. हा दस्त राहून गेला की वीस वर्षांनी नातवाला जमीन विकताना कळतं, आणि तोवर ती पतसंस्था असते की नाही देव जाणे.

तिसरा, सातबाऱ्यावरचा बोजा. आंबा-काजूच्या बागेवर, भातशेतीवर सोसायटीतून किंवा जिल्हा बँकेतून काढलेलं कर्ज. इथे बऱ्याचदा कुठलेच मूळ कागद बँकेत नसतात, सगळा खेळ सातबाऱ्याच्या 'इतर हक्क' रकान्यात. त्यामुळे 'माझे कागद द्या' म्हणत बँकेत जाण्यात अर्थ नाही, तुम्हाला हवा असतो बोजा कमी करण्याचा दाखला.

एकाच कर्जात दोन-दोन प्रकार पण असू शकतात. म्हणून सुरुवातीला सॅंक्शन लेटर, लोन अ‍ॅग्रीमेंट आणि कागद जमा केले तेव्हा बँकेने दिलेली यादी शोधा. या यादीला बँकवाले एलओडी म्हणतात, म्हणजे लिस्ट ऑफ डॉक्युमेंट्स. ती घरात सापडत नसेल तर बँकेकडून कॉपी मागा, आणि ही कॉपी कर्ज फिटायच्या आधीच मागा. नंतर मागितलीत तर त्यांच्याकडे जेवढं सापडलं तेवढीच यादी तयार होऊन येते.

३० दिवसांचा नियम

रिझर्व्ह बँकेचं १३ सप्टेंबर २०२३ चं परिपत्रक आहे. कर्ज पूर्ण फिटल्यापासून किंवा सेटलमेंट झाल्यापासून ३० दिवसांत सगळे मूळ कागद परत द्यायचे आणि कुठल्याही रजिस्ट्रीवर टाकलेला बोजा काढायचा. १ डिसेंबर २०२३ पासून पुढे ज्यांचे कागद परत द्यायची वेळ आली त्या सगळ्यांना लागू. सरकारी, खाजगी, ग्रामीण, सहकारी बँका, हाउसिंग फायनान्स कंपन्या, एनबीएफसी म्हणजे बँक नसलेल्या पण कर्ज देणाऱ्या कंपन्या, सगळे यात आले. बँकेच्या चुकीने उशीर झाला तर उशिराच्या प्रत्येक दिवसाला ५,००० रुपये भरपाई. म्हणजे बारा दिवस उशीर झाला तर ६०,००० रुपये. हा आकडा मॅनेजरसमोर नुसता उच्चारला तरी फाइल हलते असा अनुभव आहे.

पण त्या वाक्यात एक मेख आहे बघा. 'बँकेच्या चुकीने' उशीर झाला तर. म्हणून बँक काय म्हणते, ग्राहक घ्यायलाच आला नाही, आम्ही तर तयार होतो. किंवा म्हणते अजून बाकी आहे, कर्ज फिटलेलंच नाही. तोंडी चकरा मारलेल्या माणसाकडे याला उत्तर नसतं. वॉचमनने तुम्हाला रोज बघितलं हा पुरावा होत नाही. तुमच्याकडे तारखेचा कागद पाहिजे, की मी या दिवशी पैसे भरले, या दिवशी कागद मागितले, बँकेचा आवक शिक्का हा. उशीर होत असेल तर कारण ग्राहकाला कळवणं हे पण त्या परिपत्रकात आहे, म्हणून अर्जात कारण लेखी मागायचं. सर्व्हर डाऊन आहे काकी, पुढच्या आठवड्यात या, हे कुणी लेखी देत नाही.

आणखी एक, कागद कुठून घ्यायचे हे तुम्ही ठरवायचं. ज्या शाखेत कर्ज होतं तिथून, किंवा जिथे कागद ठेवलेत त्या ऑफिसातून. मोठ्या बँकांची मूळ फाइल शाखेत नसतेच, मुंबई-नवी मुंबईकडे कुठेतरी सेंट्रल गोडाऊनमध्ये असते. कणकवलीच्या माणसाला 'मुंबईला येऊन घ्या' सांगतात. गरज नाही. उलट तुम्ही चाकरमानी असाल, कर्ज गावच्या शाखेचं आणि राहता डोंबिवलीला, तर मुंबईतल्या ऑफिसातून घेण्याचा पर्याय अर्जात लिहा आणि एसटीचं भाडं वाचवा.

हे परिपत्रक व्यक्तीने घेतलेल्या पर्सनल लोनसाठी आहे. नाव पर्सनल लोन असलं तरी त्यात घराचं कर्ज, शिक्षणाचं कर्ज हे येतं. पण तुमचं कर्ज धंद्याचं असेल, फर्मच्या नावावर असेल, होमस्टेचा बिझनेस लोन, बोटीचं, फॅक्टरीचं, तर बँक म्हणू शकते की हा नियम तुम्हाला नाही. तेव्हा गडबडून जाऊ नका. १८८२ च्या ट्रान्स्फर ऑफ प्रॉपर्टी अ‍ॅक्टचं कलम ६० आहे, गहाणाचे पैसे दिले की कागद आणि मालमत्ता मोकळी करून मिळणं हा मालकाचा हक्कच आहे. शिवाय कर्ज फिटलं की तारण सोडायचं हे रिझर्व्ह बँकेच्या २००३ च्या फेअर प्रॅक्टिसेस कोडमध्ये पण आहे. दिवसाला ५,००० चा हिशोब लागू झाला नाही तरी कागद द्यावेच लागतात.

अर्ज असा लिहा

कर्ज संपवायच्या आधी फोरक्लोजर स्टेटमेंट, म्हणजे कर्ज बंद करायला एकूण किती भरायचे त्याचा हिशोब मागा, त्यात प्रत्येक चार्ज वेगळा लिहिलेला पाहिजे. 'अदर चार्जेस' असं एकगठ्ठा असेल तर फोड मागा. फ्लोटिंग व्याजाचं होम लोन व्यक्तीच्या नावावर असेल तर मुदतीआधी फेडल्याचा दंड लावता येत नाही, तो लावलाय का बघा. दंडावर व्याज, त्या व्याजावर परत दंड, असं चढवलेलं पण रिझर्व्ह बँकेच्या १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने बंद केलंय, जुन्या कर्जांना ते ३० जून २०२४ पर्यंत लागू करायचं होतं. पैसे रोख भरू नका, खात्यातून भरा म्हणजे तारीख राहते.

मी दुकानात जो मजकूर टाइप करून देतो तो साधारण असा असतो:

'प्रति, शाखा व्यवस्थापक. विषय: कर्ज खाते क्र. … पूर्ण फेडल्याने मूळ मिळकत कागदपत्रे परत मिळणेबाबत. महोदय, वरील कर्जाची संपूर्ण रक्कम मी दि. … रोजी भरली असून पावती व खाते उतारा सोबत जोडला आहे. भरलेल्या रकमेपैकी रु. … ही … या नावाने आकारलेली रक्कम मला मान्य नाही. ती मी हरकत राखून भरली असून परत मागण्याचा माझा हक्क राखून ठेवत आहे. रिझर्व्ह बँकेच्या दि. १३ सप्टेंबर २०२३ च्या परिपत्रकाप्रमाणे सोबतच्या यादीतील सर्व मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत करावीत, सरसाई व इतर ठिकाणी नोंदवलेला बोजा काढावा, आणि येणे बाकी नसल्याचा दाखला द्यावा. कागदपत्रे मी … येथील कार्यालयातून स्वतः घेईन. विलंब होणार असल्यास कारण लेखी कळवावे.'

बस, एवढंच. त्यात बँकेने कसा अन्याय केला, मॅनेजर कसा बोलला, हे काही लिहायचं नाही, त्याची जागा तक्रारीत. दोन प्रती काढा, एकीवर शिक्का, सही आणि तारीख घ्या. शिक्का द्यायला टाळाटाळ करतात, 'साहेब नाहीत' म्हणतात, तर सरळ पोस्टात जाऊन पोचपावतीसह स्पीड पोस्ट करा आणि तोच अर्ज बँकेच्या तक्रार ईमेलवर टाका. पोस्टाची पावती त्या अर्जालाच स्टेपल करा. या पावत्या पावसाळ्यात पुसट होतात, म्हणून लगेच झेरॉक्स काढून ठेवा, हे मी धंद्यासाठी सांगत नाही.

बँकेची कारणं आणि त्यांची उत्तरं

तुमचं दुसरं कर्ज आहे, किंवा तुम्ही भावाच्या कर्जाला जामीन आहात, म्हणून कागद देत नाही. हे कारण कधी खरं असतं, कधी नुसतं दडपण. आधी बघा अ‍ॅग्रीमेंटमध्ये असं लिहिलंय का, की हे तारण बाकीच्या कर्जांनाही लागू. लिहिलं असेल तर बँकेची बाजू पक्की आहे. नसेल तर लेखी मागा की कुठल्या येण्यासाठी, किती रकमेसाठी आणि कुठल्या कागदाच्या आधारावर तुम्ही माझं तारण अडवताय. ही सगळी माहिती ग्राहकाला नोटिशीने द्यायची हे मघाशी सांगितलेल्या फेअर प्रॅक्टिसेस कोडमध्येच आहे. या प्रश्नावर पुष्कळ वेळा समोरून गप्पच होतात. जामीन राहणं हा आमच्याकडचा जुना रोग, लग्नात शब्द टाकला म्हणून सही केली जाते, आणि दहा वर्षांनी आपलं घर अडकतं, तर निदान कुठल्या सहीने अडकलंय ते तरी बघून घ्या.

तुम्ही सेटलमेंट केलंय, पूर्ण फेडलेलं नाही. अरे पण सेटलमेंट झाली तरी ३० दिवस लागूच आहेत. मात्र ओटीएसचं, म्हणजे एकरकमी सेटलमेंटचं, पत्र हातात असल्याशिवाय एक रुपया भरू नका. वसुलीवाला फोनवर सांगतो, तीन लाख भरा विषय संपला, आणि नंतर बँक म्हणते आमच्याकडे असं काही मंजूरच नाही. पत्रात रक्कम, भरायची शेवटची तारीख आणि पैसे भरल्यावर तारण सोडणार हे वाक्य पाहिजे. शेवटची तारीख एका दिवसानेही चुकवू नका, सेटलमेंट रद्द करायला त्यांना तेवढंच पुरतं. आणि सिबिलवर 'क्लोज्ड' नाही 'सेटल्ड' येतं, पुढच्या कर्जाला ते आडवं येतं, हे समजून मगच करा.

कागद सापडत नाहीत. हे आमच्याकडे हसण्यावारी नेऊ नका. २२ जुलै २०२१ ला वाशिष्ठीचं पाणी चिपळुणात आणि सावित्रीचं महाडात शिरलं तेव्हा तळमजल्यावरच्या कपाटांतले किती कागद गेले त्याचा हिशोब नाही. बँकेकडून कागद हरवले किंवा खराब झाले तर डुप्लिकेट किंवा सर्टिफाइड कॉपी मिळवायला मदत करायची आणि सगळा खर्च बँकेने करायचा असा नियम आहे. त्यासाठी त्यांना आणखी ३० दिवस मिळतात, म्हणजे एकूण ६०, त्यानंतर दिवसाला ५,००० चालू. तुम्ही काय करायचं, कागद हरवल्याचं बँकेच्या लेटरहेडवर लिहून घ्यायचं. हे पत्र सगळ्यात महत्त्वाचं. पोलिसात तक्रार आणि पेपरातली जाहीर नोटीस बँकेच्या खर्चाने आणि बँकेच्या नावाने करायला लावा, नाहीतर उद्या घर विकताना गिऱ्हाइकाचा वकील म्हणेल की तुम्हीच कुठेतरी मूळ कागद गहाण टाकून हरवले सांगताय. सर्टिफाइड कॉपी दुय्यम निबंधक कार्यालयात मिळते. दस्त नंबर आणि वर्ष माहीत असेल तर काम लवकर होतं, नसेल तर इंडेक्स टू, म्हणजे नोंदलेल्या दस्तांची सूची, शोधावी लागते.

बँकच आता नाही. नावं बदलली, विलीन झाल्या, ग्रामीण बँकेचंच बघा, विदर्भ कोकण ग्रामीण बँक १ मे २०२५ पासून महाराष्ट्र ग्रामीण बँकेत गेली. कर्ज ज्याच्याकडे गेलं, कागदांची जबाबदारी पण त्याच्याकडे गेली, 'ते जुन्या बँकेचं होतं' हे उत्तर चालत नाही. सहकारी बँक किंवा पतसंस्था बंद पडून अवसायक, म्हणजे तिचा कारभार आवरणारा अधिकारी, बसला असेल तर अर्ज अवसायकाच्या नावाने, आणि त्याची कॉपी जिल्हा उपनिबंधकाकडे.

कर्जदार वारले

याला जरा वेळ द्यावा लागतो, कारण कोकणात हे सगळ्यात जास्त रखडतं. वडिलांच्या नावाचं कर्ज, वडील गेले, विम्यातून किंवा मुलांनी मिळून कर्ज फिटलं, आणि बँक म्हणते सगळे वारस आणा. एक भाऊ गावात, दुसरा विरारला, बहीण बडोद्याला, पुतण्या मस्कतला. सगळे एकदम भेटतात ते गणपतीत, आणि गणपतीत बँक अर्धी रजेवर.

परिपत्रकात म्हटलंय की कर्जदाराच्या मृत्यूनंतर वारसांना कागद द्यायची पद्धत प्रत्येक बँकेने ठरवून वेबसाइटवर टाकायची. ती प्रिंट काढा, आणि त्यात जेवढे कागद मागितलेत तेवढेच द्या. प्रत्येक शाखेत वेगळी यादी तोंडी सांगतात, म्हणून ही प्रिंट बरोबर असलेली बरी. साधारण मृत्यूचा दाखला, वारसांचे केवायसी आणि बाकीच्या वारसांचं एकाच्या नावे संमतीपत्र एवढ्यावर काम होतं. वारसांत वाद असेल तर कोर्टाचा वारस दाखला मागतात, तिथे इलाज नाही. संमतीपत्रात नीट लिहा की फक्त कागद ताब्यात घ्यायला संमती आहे, हिस्सा सोडलेला नाही. हे वाक्य नसल्यामुळे बहिणी सही द्यायला घाबरतात, आणि त्यांचं घाबरणं अगदी बरोबर आहे. हे वाक्य टाकलं की सही येते.

बँक ऐकत नसेल तर

अर्ज दिल्यावर ३० दिवसांत उत्तर आलं नाही, किंवा आलेलं उत्तर पटलं नाही, तर बँका आणि एनबीएफसीसाठी रिझर्व्ह बँकेचा लोकपाल. सीएमएस पोर्टलवर ऑनलाइन तक्रार होते, फी नाही, वकील लागत नाही, चौकशीला १४४४८ नंबर आहे. फार दिवस लावू नका, तक्रारीला मुदत असते. आणि तोच विषय कोर्टात टाकला असेल तर लोकपाल घेत नाही, म्हणून आधी लोकपाल मग कोर्ट. हाउसिंग फायनान्स कंपनी असेल तर तक्रार नॅशनल हाउसिंग बँकेकडे जाते, लोक इथे चुकतात आणि तक्रार परत येते. सेवेत कसूर म्हणून जिल्हा ग्राहक आयोगात पण जाता येतं, दोन वर्षांच्या आत.

पतसंस्था असेल तर रिझर्व्ह बँक विसरा. पतसंस्था सहकार खात्याखाली, तालुक्याचे सहाय्यक निबंधक, मग ओरोसला किंवा रत्नागिरीला जिल्हा उपनिबंधक. तिथे पण लेखीच. पतसंस्थेचा चेअरमन आपल्या ओळखीचा, वाडीतला, म्हणून लोक तोंडी बोलत राहतात आणि वर्ष जातं.

सावकाराकडे कागद असतील तर महाराष्ट्र सावकारी नियमन कायदा २०१४ आहे, तक्रार परत सहकार खात्याच्या निबंधकाकडेच. आमच्याकडे गहाण म्हणून सरळ खरेदीखतच करून घेतात, पैसे दिलेस की उलट फिरवून देतो म्हणतात, आणि मग देत नाहीत. व्याजापोटी अशी बळकावलेली जमीन परत द्यायचा आदेश जिल्हा निबंधक चौकशी करून काढू शकतात. पैसे दिल्याचे पुरावे, साक्षीदार, सावकाराच्या हातची चिठ्ठी, फोनवरचे मेसेज, जे आहे ते जपा.

आता तो लाखांतला फरक. बँक म्हणते नऊ लाख बाकी, तुमच्या हिशोबाने पाच. इथे हरकत राखून भरा म्हणणं सोपं नाही. सीएकडून व्याजाचा हिशोब करून घ्या, आणि तुम्हाला मान्य असलेली रक्कम कोर्टात जमा करून गहाण सोडवायचा दावा करता येतो, मघाच्या ट्रान्स्फर ऑफ प्रॉपर्टी अ‍ॅक्टचं कलम ८३. यात वकील हवाच. आणि सरफेसी, म्हणजे थकलेल्या कर्जापोटी बँकेने तारण ताब्यात घ्यायचा कायदा, त्याची ६० दिवसांची नोटीस आली असेल तर तिला लेखी हरकत द्या, बँकेला त्यावर १५ दिवसांत उत्तर द्यावं लागतं. ताब्याची कारवाई झाली तर ४५ दिवसांत डीआरटीत, म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरणात जायचं, साध्या दिवाणी कोर्टात हा विषय चालत नाही. पैसे भरून घर सोडवायची संधी लिलावाची जाहिरात निघेपर्यंतच असते, २०१६ च्या दुरुस्तीनंतर. लिलावाच्या सकाळी पैसे घेऊन धावलेल्याला उशीर झालेला असतो. शेतजमिनीला मात्र सरफेसी लागत नाही, त्यामुळे आंब्याच्या बागेवर अशी नोटीस आली तर पहिल्याच हरकतीत सातबारा जोडून हे लिहा.

पाकीट हातात आल्यावर

सही करायच्या आधी काउंटरवरच उघडा. मागे लाइन असली तरी उघडा. खरेदीखताच्या प्रत्येक पानावर निबंधकाचा शिक्का असतो, त्यात कार्यालयाचं आखूड नाव, दस्त नंबर, वर्ष आणि एकूण पानांतलं कितवं पान ते. अठरा पानांचा दस्त असेल तर १/१८ पासून १८/१८ पर्यंत मोजा. शिक्क्याची शाई आणि सह्या मूळ आहेत की कलर झेरॉक्स, ते पान उजेडात धरून आणि मागून बोट फिरवून कळतं, पेनाच्या सहीचा दाब मागच्या बाजूला लागतो. नोंदणीची पावती वेगळी असते, छोटी, ती बहुतेक वेळा राहते. आधीच्या मालकाचे दस्त, बिनशेतीचा आदेश, मंजूर नकाशा, हे सगळं यादीशी ताडून बघा. कमी असेल तर पोच देताना सहीखालीच लिहा, 'अमुक अमुक कागद मिळाले नाहीत'. सिक्युरिटी म्हणून दिलेले कोरे चेक परत घ्या, आणि हप्त्याचं ऑटो डेबिट बंद झालंय का ते तुमच्या खात्याच्या बँकेत विचारा.

मग बोजा. सरसाईवर थोडी फी भरून कुणालाही सर्च करता येतो, तिथे तुमची नोंद बंद झालेली दिसली पाहिजे. सातबाऱ्यासाठी बँकेचा दाखला घेऊन ई-हक्क पोर्टलवर बोजा कमी करण्याचा अर्ज टाका, किंवा तलाठ्याकडे द्या, आता त्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं. दाखल्यावर गट नंबर, कर्जाची रक्कम आणि जुना फेरफार नंबर नीट आहे ना ते बघा, आमच्याकडे एका गटाचे पंधरा हिस्से आणि प्रत्येकात तीस नावं, बँकेचा क्लार्क हिस्सा नंबर चुकवतो आणि बोजा भलत्याच चुलत्याच्या नावावरून निघतो. फेरफार पडला की नोटिशीचे १५ दिवस जातात, मग मंडळ अधिकारी मंजूर करतात. त्यानंतर डिजिटल सातबारा काढून 'इतर हक्क' वाचा. गावठाणातल्या किंवा शहरातल्या घराला प्रॉपर्टी कार्ड असेल तर हाच अर्ज सिटी सर्व्हेला. बोजा तरीही दिसत असेल तर फेरफार नंबर लिहून घेऊन थेट मंडळ अधिकाऱ्याकडे जा, बऱ्याचदा फेरफार मंजूर असतो आणि सातबाऱ्यावर त्याचा अंमलच दिलेला नसतो.